रिपीलचे वर्ष

एप्रिल १८३४ मध्ये लंडनच्या कॉमन्स सभागृहात एका ठरावावर मतदान झाले. आयर्लंडचे स्वतःचे पार्लमेंट मोडून ते ब्रिटिश पार्लमेंटात विलीन करणाऱ्या कायद्याची आणि त्याच्या परिणामांची चौकशी करायला समिती नेमावी, एवढीच मागणी होती. बाजूने ३८ मते पडली, विरुद्ध ५२३. त्या अडतिसांत इंग्लंडमधून निवडून आलेला सभासद एकच. ठराव मांडणारा डॅनिएल ओ'कॉनेल तेव्हा युरोपभर नावाजलेला लोकनेता होता. पाचच वर्षांपूर्वी त्याने याच पार्लमेंटला वाकवले होते. पण त्या दोन आकड्यांमधले अंतर त्याला हयातीत कधी भरून काढता आले नाही, आणि माझ्या मते त्याच्या चळवळीचे भवितव्य त्या रात्रीच बरेचसे ठरून गेले होते. तरी तिची हकीकत सांगण्यासारखी आहे. शस्त्राला हात न लावता लाखो कुळांना एका राजकीय मागणीसाठी मैदानात उभे करण्याचा एवढा मोठा प्रयोग तोवर युरोपात झाला नव्हता.

मराठी वाचकाला आयर्लंड आठवते ते बहुधा होमरूलमुळे. टिळकांची होमरूल लीग बेळगावला स्थापन झाली २८ एप्रिल १९१६ रोजी. नेमक्या त्याच आठवड्यात डब्लिनमध्ये ईस्टरचे बंड पेटले होते आणि शहराच्या मध्यभागी तोफा चालत होत्या. टिळकांनी जे नाव उचलले त्या आयरिश मागणीचा उगम मात्र त्याहून पाऊणशे वर्षे मागे जातो. तेव्हा तिचे नाव होमरूल नव्हते. लोक नुसते ‘रिपील’ म्हणत, म्हणजे युनियनचा कायदा रद्द करा.

तो कायदा १ जानेवारी १८०१ पासून अंमलात आला. त्याआधी डब्लिनला कॉलेज ग्रीनवर आयर्लंडचे पार्लमेंट भरत असे. ते काही जनतेचे पार्लमेंट नव्हते. देशातली बहुसंख्य प्रजा कॅथलिक, आणि सभासद सगळे प्रॉटेस्टंट, बरेचसे जमीनदार. १७९८ च्या बंडानंतर पंतप्रधान पिट याने ते मोडायचे ठरवले. १७९९ मध्ये त्या सभागृहाने विलीनीकरणाला नकार दिला. मग वर्षभर पदव्या, पेन्शनी, नेमणुका आणि नुकसानभरपाई यांचा सढळ वापर झाला आणि १८०० मध्ये त्याच सभागृहाने स्वतःला मोडण्याचा ठराव मंजूर केला. हा सौदा पार पाडणारा व्हाइसरॉय होता कॉर्नवॉलिस, टिपूवर मराठे आणि निजाम यांना सोबत घेऊन चालून गेलेला. त्याला या कामाची किळस आली होती आणि ते त्याने आपल्या खासगी पत्रांत लिहूनही ठेवले. काम मात्र चोख केले. रिकामी पडलेली इमारत बँक ऑफ आयर्लंडला विकली गेली. कॅथलिकांना पार्लमेंटात बसू देऊ, अशी आशा त्यांना या व्यवहारात लावली गेली होती. तिसऱ्या जॉर्जने ती धुडकावली. कॅथलिकांच्या मनात युनियनबद्दल जी अढी बसली ती इथून.

त्या वेळी डब्लिनमध्ये युनियनविरुद्ध भाषण करणाऱ्या मोजक्या कॅथलिकांत एक चोवीस वर्षांचा वकील होता. ओ'कॉनेलचा जन्म १७७५ चा, नैर्ऋत्येच्या केरी परगण्यातला. घरची भाषा आयरिश. श्रीमंत आणि निपुत्रिक काकाने त्याला डेरीनॅनच्या वाड्यात वाढवले आणि शिकायला फ्रान्सला पाठवले, कारण मायदेशात कॅथलिकांना चांगले शिक्षण दुर्मीळ होते. क्रांतीने शाळा बंद पाडली. जानेवारी १७९३ मध्ये, सोळाव्या लुईचा शिरच्छेद झाला त्याच दिवसांत, तो तिथून पळाला. रक्तपाताने मिळणाऱ्या स्वातंत्र्याविषयीचा त्याचा तिटकारा फ्रान्समध्ये सुरू झाला आणि १७९८ च्या आयरिश बंडाने पक्का झाला. पुढे १८१५ मध्ये द्वंद्वयुद्धात त्याच्या गोळीने डी'एस्टर नावाचा माणूस मेला. त्याचा सल त्याला जन्मभर राहिला. डी'एस्टरच्या मुलीला तो वर्षासन देत राहिला. अहिंसा त्याने पुस्तकातून घेतलेली नव्हती.

वकील म्हणून तो वाघ होता. साक्षीदाराला उलटतपासणीत कसे खेळवायचे आणि सरकारी कायद्यातली फट कशी शोधायची, हे त्याला जितके ठाऊक होते तितके आयर्लंडमध्ये कोणाला नव्हते. कॅथलिक असल्याने वरिष्ठ वकिलाचा मान त्याला मिळत नव्हता, त्याचा डंखही होता. ही वकिली बुद्धी त्याने राजकारणात आणली. १८२३ मध्ये कॅथलिक असोसिएशन काढली आणि पुढच्या वर्षी दरमहा एक पेनी वर्गणी सुरू केली. रविवारच्या प्रार्थनेनंतर चर्चच्या दाराशी ती गोळा होई. पैसा महत्त्वाचा होताच. त्याहून महत्त्वाचे हे, की ज्या कुळाने आजवर फक्त खंड भरला होता ते आता स्वतःच्या खुशीने कशासाठी तरी पेनी देऊ लागले. १८२८ मध्ये क्लेअर परगण्याच्या पोटनिवडणुकीत तो स्वतः उभा राहिला. कॅथलिकाने उभे राहायला बंदी नव्हती. अडसर होता तो सभागृहात बसण्यापूर्वी घ्यायच्या, कॅथलिकाला घेता न येणाऱ्या शपथेचा. कुळांनी जमीनदारांना न जुमानता त्याला निवडून दिले.

तेव्हा पंतप्रधान होता ड्यूक ऑफ वेलिंग्टन, म्हणजे १८०३ च्या असईच्या लढाईतला आर्थर वेलस्ली, जन्माने डब्लिनचाच. गृहमंत्री रॉबर्ट पील. क्लेअरनंतर दोघांनी हिशेब केला की यादवी परवडणार नाही, आणि १८२९ मध्ये कॅथलिकांना पार्लमेंट खुले झाले. लोक ओ'कॉनेलला ‘लिबरेटर’ म्हणू लागले. त्याच सपाट्यात चाळीस शिलिंगांच्या जमिनीवर मत देणाऱ्या, म्हणजे त्याला निवडून देणाऱ्याच, हजारो गरीब शेतकऱ्यांचा मताधिकार काढून घेतला गेला. ओ'कॉनेलने याला निकराने विरोध केला, असे म्हणता येत नाही.

१८२९ च्या यशाने त्याची एक समजूत करून दिली आणि ती चुकीची होती, असे मला वाटते. लाखो लोक शिस्तीने उभे केले, सरकारच्या मनात ‘पुढे काय होईल’ ही धास्ती ठेवली आणि कायदा मात्र मोडला नाही, की लंडन नमते, असा त्याने निष्कर्ष काढला. पण कॅथलिकांच्या हक्काला लंडनमध्ये जुने मित्र होते. व्हिग पक्ष तो प्रश्न वर्षानुवर्षे लावून धरत होता, टोरींतले काही अनुकूल होते, कॉमन्सने तशी विधेयके पूर्वी मंजूरही केली होती. दार अर्धे उघडे होते. ओ'कॉनेलने ते ढकलले. युनियन रद्द करण्याच्या बाबतीत व्हिग आणि टोरी यांच्यात काडीचा फरक नव्हता. ते ३८ विरुद्ध ५२३ म्हणजे हेच.

१८३४ नंतर काही वर्षे त्याने रिपील बाजूला ठेवून व्हिगांशी समझोता केला. त्यातून काही चांगले अधिकारी आले, प्रॉटेस्टंट चर्चसाठीच्या दशांश कराचा प्रश्न थोडा निवळला. व्हिगांची सत्ता डळमळू लागली तसा तो पुन्हा जुन्या मागणीकडे वळला. १५ एप्रिल १८४० रोजी डब्लिनच्या धान्यबाजाराच्या इमारतीत रिपील असोसिएशनची पहिली सभा झाली. उपस्थिती तुरळक. लवकरच तिच्या नावात ‘लॉयल’, म्हणजे राजनिष्ठ, हा शब्द आला. त्यात ढोंग नव्हते: राणी तीच राहावी, साम्राज्यही राहावे, फक्त आयर्लंडचे कायदे डब्लिनला व्हावेत, हीच मागणी होती. ते पार्लमेंट नेमके कसे असेल, त्याचे आणि लंडनचे अधिकार कसे वाटले जातील, हे त्याने जाणूनबुजून धूसर ठेवले. वकील माणूस, तडजोडीला जागा ठेवूनच दावा दाखल करायचा.

संघटना मात्र धूसर नव्हती. वर्षाला एक शिलिंग देणारा सहकारी, एक पौंड देणारा सभासद, दहा पौंड देणारा किंवा जमवून आणणारा ‘व्हॉलंटियर’. गावोगाव रिपील वॉर्डन नेमले. वर्गणी गोळा करणे, वाचनालय चालवणे आणि आपल्या भागात गुप्त मंडळ्या किंवा मारामारी होऊ न देणे, ही त्यांची कामे. कॅथलिक पाद्री बहुतेक ठिकाणी पाठीशी होते, ट्यूअमचा आर्चबिशप मॅकहेल सर्वांत पुढे. जिथे पाद्री नव्हते तिथे चळवळही नव्हती. ईशान्येकडच्या अल्स्टरमधले प्रॉटेस्टंट तिच्याकडे कॅथलिक राज्याची नांदी म्हणून पाहत. जानेवारी १८४१ मध्ये ओ'कॉनेल बेल्फास्टला गेला तेव्हा दगडफेक झाली आणि पोलिसांच्या संरक्षणात त्याला शहर सोडावे लागले. यापुढे त्याने अल्स्टरचा विचार जवळजवळ सोडून दिला. पुढच्या शतकाने त्या दुर्लक्षाची पुरेपूर किंमत मोजली.

दोन गोष्टींनी मरगळलेल्या असोसिएशनमध्ये जीव आला. एक, १८४१ मध्ये टोरी सत्तेवर आले आणि पील पंतप्रधान झाला. आता व्हिग मित्रांची भीड उरली नाही. दुसरी, ऑक्टोबर १८४२ मध्ये थॉमस डेव्हिस, चार्ल्स गॅव्हन डफी आणि जॉन ब्लेक डिलन या तीन तरुणांनी ‘द नेशन’ हे साप्ताहिक काढले. डेव्हिस प्रॉटेस्टंट होता. आयरिश इतिहास, गाणी, भाषा, जुने अवशेष यांवर ते पत्र असे लिही, की वाचनालयात एकाने मोठ्याने वाचायचे आणि पन्नासांनी ऐकायचे. इथे एक गंमत आहे. ज्याची आयरिश ही घरची भाषा तो ओ'कॉनेल ती मागे पडली तरी हळहळायचे कारण नाही, असे म्हणे. आणि ज्याला ती जेमतेम येत होती तो डेव्हिस तिच्यासाठी जीव टाकत होता.

१८४३ हे रिपीलचे वर्ष, असे ओ'कॉनेलने जाहीर केले. सुरुवात डब्लिनच्या महापालिकेतून झाली. तिथे तीन दिवस वाद झाला. युनियनच्या बाजूने उभा होता आयझॅक बट नावाचा तिशीच्या आतला प्रॉटेस्टंट वकील. त्याचे भाषण इतके नेटके झाले की खुद्द ओ'कॉनेलने त्याची वाखाणणी केली. ठराव ४१ विरुद्ध १५ मतांनी ओ'कॉनेलने जिंकला.

मग वसंतापासून महासभा सुरू झाल्या. ट्रिम, मलिंगार, कॉर्क, मॅलो. वर्षभरात तीसहून अधिक. लंडनच्या ‘टाइम्स’ने त्यांना राक्षसी सभा म्हटले, ते हेटाळणीने, आयरिश लोकांनी ते नाव मिरवले. जागा इतिहासातल्या निवडलेल्या असत आणि दिवस बहुधा रविवार किंवा सणाचा. माणसे आदल्या रात्रीपासून चालत निघत. पुढे बँड, मागे पाद्री, मग गावाचे निशाण. हे बँड कुठून आले, हे सांगण्यासारखे आहे. १८३८ पासून कॉर्कचा फादर थिओबाल्ड मॅथ्यू दारूबंदीची मोहीम चालवत होता आणि लाखोंनी दारू सोडण्याची शपथ घेतली होती. गावोगाव या निर्व्यसनी मंडळ्यांनी संध्याकाळ घालवायला बँड काढले. फादर मॅथ्यू स्वतः रिपीलपासून कटाक्षाने दूर राहिला, पण त्याचे बँड आणि त्याने शुद्धीवर आणलेली माणसे ओ'कॉनेलला आयतीच मिळाली. एवढ्या गर्दीत दंगा नाही, कुंपण मोडले नाही, हे पाहून सरकारी निरीक्षक चक्रावत. काहींना तर ती शांतताच जास्त भीतिदायक वाटली.

सर्वांत मोठी सभा १५ ऑगस्टला, मेरीच्या स्वर्गारोहणाच्या सणादिवशी, मीथ परगण्यातल्या तारा टेकडीवर झाली. ही प्राचीन आयरिश राजांची टेकडी, आणि १७९८ च्या बंडातले मेलेले बंडखोरही तिथेच पुरलेले. सकाळी टेकडीवर ठिकठिकाणी मास झाले. ‘नेशन’ने साडेसात लाख माणसे मोजली. हा आकडा फुगवलेला असणार. देशाची लोकसंख्या तेव्हा ब्याऐंशी लाखांच्या आसपास होती. तरी त्या साडेसात लाखांच्या निम्मी म्हटली तरी अचंबा वाटावा अशी ती गर्दी होती. तिच्यातून ओ'कॉनेलची बग्घी इंचाइंचाने पुढे सरकली. त्याचा आवाज प्रख्यात होता. पण त्या माळावर दहातल्या नवांना शब्दही ऐकू गेला नसेल. भाषण ते पुढच्या आठवड्यात वाचनालयात ऐकणार होते. तिथे आले होते ते त्याला पाहायला आणि आपण किती आहोत ते पाहायला.

सरकारचा पवित्रा मे महिन्यातच स्पष्ट झाला होता. पीलने कॉमन्समध्ये सांगितले की साम्राज्याचे तुकडे होण्यापेक्षा यादवी युद्ध पत्करू. रिपीलच्या सभांना जाणाऱ्या मॅजिस्ट्रेटांना बडतर्फ करण्यात आले. ओ'कॉनेलने त्यातून संधी साधली: काढलेल्या मॅजिस्ट्रेटांना घेऊन त्याने लवाद न्यायालये उभारली आणि सरकारी कोर्टाची पायरी न चढता तंटे तिथे मिटवायला लोकांना सांगितले. तीनशे प्रतिनिधींचे मंडळ डब्लिनला बोलवायचे, म्हणजे कायद्याच्या कक्षेत राहून पार्लमेंटच भरवायचे, असाही बेत होता. माझ्या दृष्टीने हीच चळवळीची खरी पुढची पायरी होती. पण त्यावर त्याने कधी मनापासून जोर लावला नाही. सभा मात्र वाढत गेल्या आणि भाषणे चढत गेली. जूनमध्ये मॅलोला त्याने गर्जना केली, की ते मला तुडवतील तर माझे प्रेत तुडवतील, जिवंत माणूस नव्हे. ऐकणाऱ्यांतल्या तरुणांनी त्याचा अर्थ सरळ घेतला. त्याने तो अलंकार म्हणून वापरला होता.

हंगामाची अखेरची सभा ८ ऑक्टोबरला, रविवारी, डब्लिनजवळ क्लॉन्टार्फला ठरली. १०१४ मध्ये ब्रायन बोरूने व्हायकिंगांना हरवले ती जागा. सभेच्या जाहिरातीत कोणा उत्साही कार्यकर्त्याने ‘रिपील घोडदळ’ कसे रांगेत यावे याच्या सूचना छापल्या. जाहिरात मागे घेतली गेली, पण सरकारला हवे ते हाती लागले होते. शनिवारी, ७ तारखेला दुपार कलल्यावर सभेवर बंदी घालणारा जाहीरनामा निघाला. तोवर गावोगावचे लोक निघाले होते. लिव्हरपूलहून आयरिश मजुरांना घेऊन बोटी येत होत्या. मैदानाभोवती पायदळ आणि घोडदळ, उपसागरात युद्धनौका, पिजनहाउस किल्ल्याच्या तोफा सज्ज. ब्रिटिश सेनेचा सरसेनापती पुन्हा वेलिंग्टनच होता.

ओ'कॉनेलने तासाभरात निर्णय घेतला: सभा रद्द. घोडेस्वार सगळ्या रस्त्यांनी पिटाळले, भिंतींवर नवी पत्रके लागली, आणि त्याचे विश्वासू लोक रविवारी मैदानापाशी उभे राहून येणाऱ्यांना परतवत राहिले. एकही गोळी सुटली नाही. इतक्या उशिरा बंदी घातल्यावर, आणि समोर तोफा असताना, माणसे न मरू देणे हेच मोठे काम होते, आणि ते एका रात्रीत झाले ही त्या संघटनेची ताकद. त्याला भित्रा म्हणणाऱ्यांशी मी सहमत नाही. पण त्या रात्री हेही उघड झाले, की सरकारने खरोखरच ‘नाही’ म्हटले तर पुढे काय, याचा विचार झालेला नव्हता. धास्ती दाखवून काम होईपर्यंतच ती धास्ती.

पुढच्याच आठवड्यात ओ'कॉनेल, त्याचा मुलगा जॉन, डफी आणि इतर काहींवर कटाचा आरोप ठेवून अटक झाली. ज्यूरीच्या यादीतून काही डझन नावे गहाळ झाली, त्यांत कॅथलिक बरेच. उरलेल्यांतूनही कॅथलिक वगळले गेले. प्रॉटेस्टंट ज्यूरीने त्यांना दोषी ठरवले. मे १८४४ मध्ये ओ'कॉनेलला एक वर्ष कैद आणि दोन हजार पौंड दंड झाला. कैद रिचमंड तुरुंगात, पण गव्हर्नरच्या घरात. बाग, भेटीगाठी, मेजवान्या. सप्टेंबरमध्ये हाउस ऑफ लॉर्ड्सच्या न्यायाधीशांनी तीन विरुद्ध दोन मतांनी शिक्षा रद्द केली. लॉर्ड डेनमनने अशा ज्यूरीची संभावना निव्वळ थट्टा म्हणून केली. सुटलेला ओ'कॉनेल दुसऱ्या दिवशी मुद्दाम तुरुंगात परत गेला, कारण मिरवणूक तिथून निघायची होती. त्यासाठी बनवलेला उंच रथ आजही डेरीनॅनला आहे. मिरवणूक कॉलेज ग्रीनवर आली तेव्हा त्याने रथ थांबवला आणि काही न बोलता जुन्या पार्लमेंटच्या इमारतीकडे बोट दाखवले.

मिरवणूक थाटाची झाली. चळवळीला मात्र पुन्हा तो जोम आला नाही. ओ'कॉनेल सत्तरीला टेकला होता. पीलने दुसरी वाट धरली होती: मेनूथच्या कॅथलिक पाठशाळेचे अनुदान भरघोस वाढवले, धर्मनिरपेक्ष सरकारी कॉलेजे काढायचे ठरवले. त्या कॉलेजांवरून मे १८४५ मध्ये ओ'कॉनेलने भर सभेत डेव्हिसला असे फटकारले की डेव्हिस रडू लागला. चार महिन्यांनी तो तापाने गेला, तिसाव्या वर्षी. ओ'कॉनेल आणखी एका बाबतीत अडून राहिला, आणि ते त्याच्या श्रेयाचे आहे. अमेरिकेतून रिपीलला पैसा येत होता, आणि तिथल्या गुलामगिरीवर तो सतत आसूड ओढी. दक्षिणेतल्या काही शाखा त्यापायी मोडल्या. १८४५ च्या सप्टेंबरात पळून आलेला गुलाम फ्रेडरिक डग्लस डब्लिनमध्ये त्याचे भाषण ऐकायला आला होता.

त्याच महिन्यात बटाट्यावर रोग पडल्याच्या बातम्या आल्या. पुढच्या काही वर्षांत दहा लाखांच्या आसपास माणसे भूक आणि तापाने मेली, त्याहून जास्त देश सोडून गेली. तारावर चालत आलेला तो कुणबी वर्गच नाहीसा झाला. डब्लिनमधला वाद या काळात वेगळ्याच पट्टीवर चालू होता. जुलै १८४६ मध्ये ओ'कॉनेलने आग्रह धरला की कोणत्याही परिस्थितीत बळाचा वापर वर्ज्य, असे असोसिएशनच्या प्रत्येक सभासदाने मान्य करावे. त्या घटकेला कोणी बंड करणार नव्हते. तत्त्व म्हणून तलवार कायमची निषिद्ध मानायला ‘नेशन’भोवतीचे तरुण तयार नव्हते, इतकेच. ते सभागृह सोडून गेले.

फेब्रुवारी १८४७ मध्ये ओ'कॉनेल कॉमन्समध्ये अखेरचे बोलला. ज्या आवाजाने टेकड्या दुमदुमत त्या आवाजातले शब्द शेजारच्यांना कसेबसे ऐकू येत होते. मदत केली नाही तर एक चतुर्थांश लोक मरतील, असे त्याने बजावले. मग रोमला जायला निघाला आणि १५ मे रोजी जिनोव्हात वारला. त्याच्या इच्छेप्रमाणे हृदय रोमला गेले, देह डब्लिनच्या ग्लासनेव्हिन दफनभूमीत आला. असोसिएशन मुलाच्या हाती आली आणि १८४८ मध्ये बंद पडली. त्याच वर्षी सभागृह सोडून गेलेल्या तरुणांनी बॅलिंगारी या खेड्यात बंडाचा प्रयत्न केला. एका विधवेच्या घराला घातलेल्या वेढ्यात तो दिवसभरात संपला. पुढारी विल्यम स्मिथ ओ'ब्रायनवर राजद्रोहाचा खटला चालला. त्याचे वकीलपत्र घेणाऱ्यांत होता आयझॅक बट, पाच वर्षांपूर्वी महापालिकेत युनियनची बाजू मांडणारा. पुढे त्याने फेनियन नावाच्या गुप्त संघटनेच्या बंडखोरांचीही वकिली केली, त्यांच्याशी बोलता बोलता त्याचे मत पालटत गेले, आणि मे १८७० मध्ये डब्लिनच्या एका हॉटेलात त्याने होम गव्हर्नमेंट असोसिएशन स्थापन केली. या वेळी अधिकारांची वाटणी कशी करायची, हे तिने आधी कागदावर मांडले.